प्राणीसंग्रहालय: तिकीट काढावं का, आणि कोणासाठी?

प्राणीसंग्रहालय चांगलं की वाईट असं सरसकट विचारलं की उत्तरही सरसकट मिळतं, आणि ते कोणाच्याच कामाचं नसतं. एकाच फाटकाच्या आत, मागच्या एखाद्या बंद खोलीत, निसर्गातून नाहीसा झालेला बेडूक टिकवून धरलेला असतो आणि तिथून शंभर पावलांवर एखादी हत्तीण काँक्रीटवर उभी राहून तासन्‌तास झुलत असते. दोन्ही एकाच तिकिटावर चालतं. म्हणून हे परीक्षण कोणा एका संस्थेचं नाही, या सेवेचं आहे. ती काय देते, कोणाच्या जिवावर देते, कोणत्या प्राण्यांच्या बाबतीत हा व्यवहार मान्य करता येतो, आणि आत गेल्यावर आपण हे ओळखायचं कसं, एवढं इथे तपासलं आहे.

आमचं मत आधीच सांगतो. थोड्या जागेत आयुष्य काढणाऱ्या, निसर्गात धोक्यात असलेल्या आणि परत सोडण्याची खरी योजना असलेल्या प्रजातींसाठी ही सेवा हवी आणि तिला पैसा मिळायला हवा. हत्ती, ध्रुवीय अस्वल, ऑर्का (काळा-पांढरा 'किलर व्हेल') आणि डॉल्फिन यांच्यासाठी ती थांबवायला हवी. आहेत त्यांना मरेपर्यंत नीट सांभाळावं, नवे आणू नयेत, पैदास करू नये. मधल्या असंख्य प्रजातींचा निकाल त्या त्या आवारावर, कीपरवर (प्राण्यांची देखभाल करणाऱ्यावर) आणि रात्रीच्या खोलीवर ठरतो.

आधी अर्धा तास एकाच प्राण्यासमोर

बहुतेक लोक एका पिंजऱ्यासमोर दोन-तीन मिनिटं थांबतात. तेवढ्यात प्राण्याची अवस्था कळत नाही. एकच प्राणी निवडा, घड्याळ लावा, दर ३० सेकंदांनी तो त्या क्षणी काय करतोय ते एका शब्दात लिहा: झोप, खाणं, चालणं, हुंगणं, अंग चाटणं, येरझाऱ्या, झुलणं, दिसत नाही. अर्ध्या तासात ६० नोंदी होतात. प्राण्यांच्या वर्तनाचे अभ्यासक हीच पद्धत वापरतात आणि तिला कागद-पेन्सिलीपलीकडे काहीही लागत नाही.

चालणं आणि येरझाऱ्या यांतला फरक मार्गावरून कळतो. चालणारा प्राणी थांबतो, हुंगतो, दिशा बदलतो. येरझाऱ्या घालणारा त्याच रेषेवर जातो, त्याच जागी वळतो, वळताना मानही तशीच फिरवतो. जमिनीवर घासून गुळगुळीत झालेली पायवाट किंवा इंग्रजी आठच्या आकाराचा मातकट पट्टा दिसला तर प्राणी झोपलेला असला तरी कहाणी समजते. हत्ती पाय न हलवता डोलतो, अस्वल डोकं गोल फिरवतं, जिराफ जीभ हवेत फिरवत राहतो किंवा कुंपणाची तार चाटत बसतो, पोपट छातीची पिसं उपटतो आणि गोरिला खाल्लेलं ओकून परत खातो. या सगळ्यांमागचं कारण ढोबळमानाने एकच: शरीर आणि मेंदू ज्या कामासाठी घडले ते काम करायला वाव नाही, किंवा तो फार थोडा आहे.

६० पैकी १५ नोंदी अशा ठरावीक हालचालींच्या असतील तर आम्ही त्या आवाराला नापास करू. पण दोन गोष्टी सांभाळा. खाण्याच्या वेळेआधी अर्धा तास बरेच प्राणी दाराशी फेऱ्या घालतात. ती वाट पाहणं असतं. म्हणून खाणं झाल्यावर दोन तासांनी पुन्हा नोंदी घ्या. दुसरं असं की ही सवय एकदा लागली की चांगल्या जागेत आल्यावरही पूर्ण जात नाही. सर्कशीतून सोडवून आणलेलं अस्वल उत्तम आवारातही फेऱ्या घालत राहू शकतं. अशा वेळी प्राणी आला कुठून, हे विचारल्याशिवाय निकाल देऊ नये.

उलट दिशेने फसणंही तितकंच सोपं आहे. चिंपांझी दात दाखवतो तेव्हा बहुतेकदा तो घाबरलेला असतो. गुदगुल्या केल्यावर हात वर करणारं लाजवंती वानर मजेत नसतं. कोपराजवळच्या ग्रंथीतला स्राव तोंडापर्यंत आणण्याची ती बचावाची तयारी असते. 'नाचणारा' हत्ती नाचत नसतो. आणि निवांत पडून राहिलेला सिंह दुःखी असतोच असं नाही, कारण रानातले सिंहही दिवसाचा बहुतांश वेळ लोळून काढतात. प्रजाती रानात काय करते हे माहीत नसेल तर पिंजऱ्यातलं वागणं वाचता येत नाही.

आवार

१९०७ मध्ये कार्ल हागेनबेकने हँबुर्गजवळ गजांऐवजी खंदक वापरून प्राणीसंग्रहालय उभं केलं आणि जगभर त्याची नक्कल झाली. त्यात बदललं ते मुख्यतः पाहणाऱ्याचं दृश्य. प्राण्याला मिळालेली जागा त्याने आपोआप वाढली नाही, आणि आजही हा घोटाळा चालूच आहे. पाठीमागे रंगवलेले डोंगर, सिमेंटचे खडक आणि विजेच्या तारेपलीकडे लावलेली हिरवी झाडी आपल्याला सुखावते. प्राण्याच्या वाट्याला येतो तो तारेच्या अलीकडचा उघडा चौकोन. आवार बघताना प्रत्येक वस्तूबद्दल एकच प्रश्न विचारा: प्राण्याला हे वापरता येतं का?

क्षेत्रफळाचा आकडा पाटीवर मोठ्याने छापलेला असतो, पण त्याच्याइतकीच आतली रचनाही महत्त्वाची असते. झाडावर राहणाऱ्या प्राण्याला उंची लागते, आणि तीही वापरण्याजोगी. १० मीटर उंच पिंजऱ्यात २ मीटरवर एकच फळी असेल तर उरलेले ८ मीटर पाहुण्यांसाठी आहेत. कळपात दुबळ्या प्राण्याला नजरेआड होता यायला हवं. त्यासाठी मधे आडोसे हवेत, आणि निवाऱ्याला किमान दोन वाटा हव्यात. एकच दार असलेल्या निवाऱ्यात दांडगा नर दाराशी बसला की आतला प्राणी कोंडला जातो, आणि चावाचावी अशाच जागी होते. पाहणारे चारही बाजूंनी असतील तर लपायला जागाच उरत नाही. एक बाजू, फार तर दीड, लोकांना द्यावी. वरून खाली पाहायचे जुने अस्वलांचे हौद तर कुठल्याही कारणाने माफ करू नयेत. माणसं वर, प्राणी खाली, आणि वरून फेकलेलं खाणं थेट तोंडात.

स्विस प्राणिशास्त्रज्ञ हाइनी हेडिगर यांनी विसाव्या शतकाच्या मध्यावर 'पलायन अंतर' ही कल्पना मांडली होती. माणूस किती जवळ आला की प्राणी पळतो, ते अंतर. आवाराची खोली त्याहून कमी असेल तर प्राणी दिवसभर त्या अंतराच्या आतच जगतो. काही प्राणी सरावतात, काही नाही. न सरावलेला प्राणी मागच्या भिंतीला चिकटलेला दिसतो, कान पाहुण्यांकडे वळलेले.

आता रात्रीची खोली. हा भाग पाहुण्यांना दिसत नाही आणि म्हणूनच तिथे सगळ्यात जास्त कसर केली जाते. संग्रहालय आठ तास उघडं असेल आणि कर्मचारी जाताना प्राण्यांना आत बंद करून जात असतील, तर प्राण्याचे उरलेले १६ तास त्या खोलीत जातात. म्हणजे त्याचं मुख्य घर तेच. तिचं माप विचारा, जमीन कशाची आहे ते विचारा, आणि रात्री आत-बाहेर करायची मोकळीक आहे का हेही विचारा. शिकागोच्या एका प्राणीसंग्रहालयात ध्रुवीय अस्वलांच्या जोडीला पाहुण्यांच्या नजरेआडच्या खोलीत हवं तेव्हा जाण्याची मुभा दिली, तेव्हा त्यांच्या येरझाऱ्या कमी झाल्या. तो अभ्यास २००६ मध्ये प्रसिद्ध झाला. दार उघडं ठेवण्यापलीकडे त्यात खर्च नव्हता. तरीही दार बंद ठेवलं जातं, कारण प्राणी आत गेला तर पाहुणे तक्रार करतात. 'प्राणी दिसला नाही' ही तक्रार कृपया करू नका. रिकामं दिसणारं आवार अनेकदा चांगल्या व्यवस्थापनाची खूण असते.

पोट आणि पाय

आजारांची मुळं बहुतेकदा आहारात आणि जमिनीत सापडतात. वाघ-सिंहांच्या पिल्लांना नुसतं लाल मांस दिलं तर हाडं ठिसूळ होऊन वाकतात, कारण मांसात फॉस्फरस भरपूर आणि कॅल्शियम नगण्य असतं. हाडासकट मांस किंवा मोजून दिलेलं कॅल्शियम हा त्यावरचा उपाय. हाडं, कातडी आणि केसांसकट खाणं दिलं तर मोठी मांजरं तासभर फाडण्यात, चघळण्यात घालवतात. तेच खिम्यासारखं दिलं तर दहा मिनिटांत ताट रिकामं.

पेंग्विन आणि सील यांना गोठवलेले मासे दिले जातात. काही जातींच्या माशांतलं थायमिनेज हे विकर साठवणीत बी-१ जीवनसत्त्व नष्ट करतं. ते वेगळं दिलं नाही तर प्राणी खायचं सोडतो, झटके येतात आणि मरतो. म्हणून दर किलो माशामागे साधारण २५ ते ३५ मिलिग्रॅम थायमिन, म्हणजे हेच बी-१, द्यायचं असतं. फोडलेली गोळी माशाच्या कल्ल्यात खुपसलेली असते. आहार देताना पाहायला मिळालं तर कीपरला गोळीबद्दल विचारा. जाणकार कीपर आनंदाने सांगतो.

सरपटणाऱ्या प्राण्यांच्या घरातला नेहमीचा दोष दिव्यांचा. अतिनील बी किरणांची नळी सहा महिने ते वर्षभरात निकामी होते, पण उजेड देत राहते. त्यामुळे ती बदलायची राहून जाते आणि इग्वानाचा जबडा रबरासारखा मऊ पडू लागतो. खिडकीच्या साध्या काचेतून हे किरण येत नाहीत, म्हणून 'उन्हात ठेवलाय' हे उत्तर पुरेसं नाही. चांगल्या ठिकाणी मीटरने मोजतात आणि नळीवर ती बसवल्याची तारीख लिहिलेली असते.

माकडांना आणि लेमूरना बाजारातली फळं देणं लोकांना प्रेमाचं वाटतं. माणसासाठी वाढवलेल्या फळांत रानफळांपेक्षा साखर जास्त आणि तंतू कमी असतात. परिणाम म्हणजे लठ्ठपणा, मधुमेह, किडलेले दात. पाला, कोंब, भाज्या आणि दिवसभरात पाच-सहा वेळा विखरून दिलेला चारा हे खरं खाणं. जिराफाचं जीभ फिरवणं बरेचदा पाला वाढवला की कमी होतं. त्याला फांद्यांवरून पानं ओरबाडायची असतात, गोळी-खाद्य पाच मिनिटांत गिळून ती गरज भागत नाही.

आणि पाय. हत्ती, गेंडा, मोठे गवे यांच्याकडे पाहताना आधी पाय पाहा. नखांना भेगा, नखाभोवतीची वाढलेली कातडी, एका पायावर भार टाळणं, हे सगळं कडक आणि ओल्या जमिनीचं देणं. हत्तीला आडवं होऊन झोपायला वाळूचा जाड थर लागतो. संधिवात झालेला हत्ती आडवा होणंच टाळतो, कारण पुन्हा उठणं त्याला जड जातं. पेंग्विनच्या तळव्यांना सिमेंटमुळे गळवं होतात आणि हवा खेळती नसली तर फुप्फुसात बुरशी धरते.

एनरिचमेंट, म्हणजे प्राण्याचं मन आणि शरीर गुंतवायला दिलेल्या गोष्टी, या शब्दाखाली बरंच काही खपवलं जातं. आवारात टाकलेला टायर किंवा प्लॅस्टिकचा पिंप तीन दिवसांनी प्राण्यासाठी दगडच होतो. वेळापत्रक लागतं: वास, खाण्याचं कोडं, उकरायची माती, नवी फांदी, आळीपाळीने, आणि प्राण्याने ते वापरलं का याची नोंद. नोंद नसेल तर ते पाहुण्यांसाठी केलेलं आहे असं समजा. याच खात्यात आम्ही ज्याला मनापासून पूर्ण गुण देतो ते म्हणजे ऐच्छिक उपचार. बक्षीस देऊन शिकवलेला वाघ स्वतःहून जाळीला अंग टेकवून शेपटीतून रक्त काढू देतो, गोरिला छाती पुढे करून हृदयाची सोनोग्राफी करू देतो. भूल नाही, पकडापकडी नाही, आणि नको असेल तर प्राणी उठून जाऊ शकतो. जिथे हे चालतं तिथे बाकी गोष्टीही सहसा ठीक असतात.

ज्यांना ठेवूच नये

२००३ मध्ये 'नेचर'मध्ये प्रसिद्ध झालेल्या क्लब आणि मेसन यांच्या अभ्यासाने एक साधी गोष्ट दाखवली. मांसाहारी प्राण्यांमध्ये येरझाऱ्यांचं आणि पिल्लांच्या मृत्यूचं प्रमाण त्या प्रजातीचा रानातला वावर जितका मोठा तितकं जास्त. शिकारीचं प्रमाण हे त्याचं कारण नव्हतं, वावराचा विस्तार हे होतं. ध्रुवीय अस्वलाला मिळणारं ठरावीक आवार त्याच्या रानातल्या किमान वावराच्या साधारण दहा लाखाव्या हिश्श्याएवढं असतं. हे दुप्पट केलं, दहापट केलं, तरी काय फरक पडणार?

हत्तींचा आकडा त्याहून कठोर आहे. २००८ मध्ये 'सायन्स'मध्ये आलेल्या अभ्यासात युरोपातल्या प्राणीसंग्रहालयांमधल्या हत्तिणींची तुलना केनियातल्या अंबोसेली उद्यानातल्या आणि म्यानमारच्या लाकूडतोडीतल्या हत्तिणींशी केली होती. आफ्रिकी हत्तिणींचं मध्यक आयुष्य संग्रहालयात १६.९ वर्षं, अंबोसेलीत नैसर्गिक मृत्यू धरले तर ५६. आशियाई हत्तिणींचं संग्रहालयात १८.९ आणि लाकूडतोडीच्या कामात ४१.७. संग्रहालयांच्या बाजूने आक्षेप असा की यात जुन्या काळचे, वाईट सांभाळलेले हत्तीही धरले आहेत. त्यात तथ्य आहे. आफ्रिकी हत्तिणींची स्थिती काळानुसार सुधारत गेल्याचं त्याच अभ्यासात दिसलं. पण आशियाई हत्तिणींच्या बाबतीत तशी सुधारणा दिसली नाही, आणि ओंडके ओढणारी हत्तीण संग्रहालयातल्या हत्तिणीपेक्षा दुप्पट जगते या गोष्टीला आमच्याकडे समर्थनाचं उत्तर नाही. लठ्ठपणा, आईपासून तोडून दुसरीकडे पाठवणं आणि पिल्लांना काही दिवसांत मारणारा हर्पिस विषाणू, या तिन्ही गोष्टी अजून सुटलेल्या नाहीत. डेट्रॉइटच्या प्राणीसंग्रहालयाने २००५ मध्ये थंडीचं आणि जागेचं कारण मान्य करून आपल्या दोन्ही हत्तिणी कॅलिफोर्नियातल्या अभयारण्यात पाठवल्या. त्यानंतर ते बंद पडलं नाही. हत्तीशिवाय लोक येत नाहीत या भीतीला हे पुरेसं उत्तर आहे.

ऑर्काबद्दल जास्त लिहायची गरज नाही. त्यांचे खेळ दाखवणाऱ्या सीवर्ल्ड या अमेरिकी कंपनीने स्वतःच मार्च २०१६ मध्ये त्यांची पैदास थांबवल्याचं जाहीर केलं.

ओरांगउटान, चिंपांझी, गोरिला अशा एपवर्गीयांबाबत आमच्यातच एकमत नाही. बोर्निओ आणि सुमात्राची जंगलं ज्या वेगाने गेली ते पाहता ओरांगउटानची राखीव संख्या जंगलाबाहेर असावी असं वाटतं. पण स्वतःला आरशात ओळखणारा, दार उघडायची युक्ती आठवडाभर मनात ठेवणारा प्राणी काचेमागे ठेवण्याचं ओझं हलकं नाही. ब्यूनस आयर्समधल्या सँड्रा या ओरांगउटानला तिथल्या न्यायालयांनी 'मानवेतर व्यक्ती' म्हणून हक्क मान्य केले आणि २०१९ मध्ये ती फ्लोरिडातल्या आश्रयस्थानी गेली. न्यूयॉर्कच्या हॅपी या हत्तिणीची तशीच मागणी मात्र तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने जून २०२२ मध्ये ५ विरुद्ध २ मतांनी फेटाळली. दोन न्यायाधीश विरोधात गेले, याची दखल घ्यायला हवी.

संवर्धनाचा दावा

पाटीवर 'संवर्धन' लिहिलेलं नाही असं प्राणीसंग्रहालय शोधून सापडणार नाही. त्यातलं खरं काम ओळखायला काही उदाहरणं नीट पाहावी लागतात.

कॅलिफोर्निया काँडोर हे मोठं गिधाड १९८७ मध्ये एकूण २७ उरलं होतं आणि उरलेसुरले मोकळे पक्षीही पकडून लॉस एंजेलिस आणि सॅन दिएगोच्या प्राणीसंग्रहालयांत आणले. जोडीचं पहिलं अंडं काढून उबवणयंत्रात ठेवलं की मादी दुसरं घालते, या युक्तीने पैदास वाढवली. पिल्लांना माणसाची ओळख पडू नये म्हणून काँडोरच्या डोक्याची कठपुतळी हातात घालून भरवलं. १९९२ पासून ते सोडले जाऊ लागले आणि आज संख्या ५०० च्या वर आहे, त्यातले निम्म्याहून जास्त मोकळे. पण मोकळ्या काँडोरांच्या मृत्यूचं मोठं कारण अजूनही शिशाचं विष आहे. शिकाऱ्यांच्या गोळ्यांचे कण मेलेल्या जनावरातून त्यांच्या पोटात जातात. संग्रहालयाने आपलं काम केलं, बाहेरचं काम अपुरं राहिलं.

अरबी ऑरिक्स या लांब शिंगांच्या वाळवंटी हरणाचंही तसंच. शेवटचा मोकळा ऑरिक्स १९७२ मध्ये ओमानमध्ये मारला गेला. तोवर फिनिक्सच्या प्राणीसंग्रहालयात कळप जमवलेला होता, म्हणून १९८२ मध्ये तो ओमानच्या वाळवंटात परत सोडता आला. नंतर तिथे पुन्हा चोरटी शिकार सुरू झाली, राखीव क्षेत्र सरकारने तब्बल ९० टक्क्यांनी कमी केलं आणि २००७ मध्ये युनेस्कोने ते जागतिक वारशाच्या यादीतून काढलं. इतर देशांतल्या कळपांमुळे प्रजाती मात्र सावरली.

आमचं आवडतं उदाहरण आकाराने सगळ्यात लहान आहे. टांझानियातल्या किहान्सी धबधब्याच्या तुषारांत राहणारा दोन सेंटिमीटरचा भेक. धरणामुळे २००० मध्ये धबधब्याचं पाणी वळवलं गेलं. त्याच वर्षी ४९९ भेक अमेरिकेत नेले. तिथेही ते धडाधड मेले: प्रकाश चुकीचा, खाणं अपुरं, फुप्फुसात जंत. संख्या शंभराच्या खाली आली. मग ब्राँक्स आणि टोलेडोच्या प्राणीसंग्रहालयांतल्या कर्मचाऱ्यांनी अतिनील दिवे, तुषारांची वारंवारता आणि किड्यांवर लावायची पूड, एकेक गोष्ट बदलत घडी बसवली. २००९ मध्ये प्रजाती निसर्गातून नष्ट झाल्याचं जाहीर झालं, २०१२ मध्ये ती परत सोडायला सुरुवात झाली. या कामाला हत्तीच्या आवाराच्या मानाने फारच थोडी जागा लागते. आसाममधल्या पिग्मी हॉग या छोट्या रानडुकराचा कार्यक्रमही १९९६ मध्ये पकडलेल्या अवघ्या सहा प्राण्यांवर उभा राहिला, आणि २००८ पासून ते गवताळ प्रदेशात सोडले जात आहेत. आपल्याच देशात, आपल्याच हवेत केलेली पैदास सगळ्यात सोयीची पडते.

काळ्या पायाचा फेरेट या मुंगसासारख्या दिसणाऱ्या अमेरिकी शिकारी प्राण्यावरून पैदाशीची मर्यादा कळते. शेवटचे १८ पकडले, त्यांतल्या सातांचाच वंश चालला. म्हणून स्टडबुक लागतं: प्रत्येक जनावराचे आईबाप, जन्म, मृत्यू, बदली. त्यावरून कोणाचे नातलग सगळ्यात कमी ते काढतात आणि जोड्या त्याप्रमाणे लावतात. १०० वर्षांनंतरही ९० टक्के जनुकीय वैविध्य शिल्लक राहावं, हे नेहमीचं उद्दिष्ट. सोडण्याआधी फेरेटना बिळं आणि जिवंत प्रेअरी डॉग (त्यांचं भक्ष्य असलेले, बिळात राहणारे खारीच्या कुळातले प्राणी) असलेल्या उघड्या आवारात राहायला लावतात. पिंजऱ्यातून थेट सोडलेल्यांपेक्षा असे फेरेट जास्त टिकतात.

आता उलटी तपासणी. संग्रहालयात पांढरा वाघ असेल तर संवर्धनाच्या पाटीवर विश्वास ठेवू नका. पांढरेपणा एकाच अप्रभावी जनुकाचा खेळ आहे. रीवाच्या जंगलात १९५१ मध्ये पकडलेल्या मोहन या पांढऱ्या वाघाचं त्याच्याच मुलीशी मीलन करून ही शाखा सुरू झाली आणि जवळच्या नात्यातल्या पैदाशीवर चालू राहिली. या वाघांमध्ये डोळ्यांकडून मेंदूकडे जाणाऱ्या नसांची जोडणीच बिघडलेली असते, म्हणून अनेक तिरळे दिसतात. अमेरिकेच्या प्राणीसंग्रहालय संघटनेने २०११ मध्ये आपल्या सदस्यांना अशी पैदास बंद करायला लावली. लायगर (सिंह आणि वाघीण यांचा संकर), पिल्लांसोबत फोटो, पिल्लाला बाटलीने दूध पाजायची संधी, हेही त्याच माळेचे मणी. वाघाचं पिल्लू जेमतेम काही आठवडे हाताळण्याजोगं असतं. त्यामुळे धंदा चालू ठेवायला पिल्लं सतत जन्मावी लागतात आणि मोठी झालेली कुठे जातात याचा हिशेब कोणी देत नाही.

जास्त झालेले प्राणी

पैदास यशस्वी झाली की हा प्रश्न येतोच. कळपाने राहणाऱ्या प्रजातींत जन्म निम्मे नरांचे, गरज एका नराची. कोपनहेगनच्या प्राणीसंग्रहालयाने ९ फेब्रुवारी २०१४ रोजी मारियस हा दीड वर्षांचा निरोगी जिराफ मारला, लोकांसमोर त्याचं शवविच्छेदन केलं आणि मांस सिंहांना दिलं. त्याची जनुकं पैदाशीच्या कार्यक्रमात आधीच भरपूर होती. त्याला घ्यायला इतर ठिकाणं तयार होती. जगभर संताप उसळला. आम्हाला तो प्रकार पटला नाही, पण एक गोष्ट मान्य करावी लागते: त्यांनी ते उघड केलं. जास्तीचे प्राणी गुपचूप रस्त्याकडेच्या प्रदर्शनांना किंवा खासगी शौकिनांना देणारी ठिकाणं आमच्या लेखी अधिक वाईट आहेत.

गर्भनिरोधनालाही किंमत असते. मोठ्या मांजरांना पूर्वी दिल्या जाणाऱ्या प्रोजेस्टिन रोपणांमुळे (कातडीखाली बसवलेल्या संप्रेरकाच्या कांड्यांमुळे) गर्भाशयाचे आणि स्तनांचे कर्करोग झाले. नवी औषधं बरी आहेत, पण मादी बरीच वर्षं न विणारी राहिली की पुढे गर्भ राहीलच याची खात्री नसते. म्हणून प्रामाणिक संस्था पिल्लू जन्मण्याआधी त्याची जागा ठरवते. प्रश्न सरळ विचारा: 'गेल्या वर्षी जन्मलेले नर आज कुठे आहेत?'

शिक्षण

या बाबतीत दावे मोठे आणि पुरावा बेताचा. ६ हजारांहून जास्त पाहुण्यांवर केलेल्या आणि २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आंतरराष्ट्रीय पाहणीत जैवविविधतेची थोडी तरी समज दाखवणाऱ्यांचं प्रमाण भेटीआधी ६९.८ टक्के आणि नंतर ७५.१ टक्के होतं. वाढ खरी आहे, छोटी आहे. एका हत्तीचं आयुष्य तिच्यासाठी खर्ची घालण्याइतकी ती नाही. टोपी घातलेला पोपट, सायकलवरचं अस्वल, हस्तांदोलन करणारा चिंपांझी हे पाहून तर चुकीचंच शिक्षण होतं. मुलांना शिकवायचंच असेल तर मुंगळे, कोळी, गोड्या पाण्यातले मासे आणि बेडूक यांचं चांगलं दालन पुरेसं असतं, कारण तिथे शिकार, वीण, कात टाकणं हे सगळं त्यांच्या डोळ्यांसमोर घडतं.

बंद करा म्हणणं सोपं आहे

ब्यूनस आयर्सचं प्राणीसंग्रहालय २०१६ मध्ये बंद झालं, पण प्राण्यांची पांगापांग व्हायला वर्षं लागली. मारा ही हत्तीण ब्राझीलच्या अभयारण्यात २०२० मध्ये पोहोचली. कोस्टा रिकाने सरकारी प्राणीसंग्रहालयं बंद करण्याचा निर्णय २०१३ मध्ये जाहीर केला, तो प्रत्यक्षात आला २०२४ मध्ये. बंदिवासात जन्मलेला वाघ रानात सोडता येत नाही, कारण माणसाची भीती गेलेला वाघ गावाकडे येतो. अभयारण्य म्हणवणाऱ्या जागाही तपासाव्या लागतात. तिथे पैदास होत असेल, प्राणी विकले जात असतील किंवा पिल्लं मांडीवर घेता येत असतील तर ते नाव बदललेलं दुकान आहे. परवाना आणि मानांकन यांतही फरक आहे. परवाना म्हणजे किमान अट पूर्ण. मानांकनासाठी बाहेरचे जाणकार येऊन वैद्यकीय नोंदी, रात्रीच्या खोल्या आणि आर्थिक स्थिती पाहतात. अमेरिकेत दर पाच वर्षांनी ते पुन्हा मिळवावं लागतं, आणि तिथल्या परवानाधारक प्रदर्शकांपैकी दहा टक्क्यांहूनही कमी जणांकडे ते आहे.

तक्रार करायची वेळ आली तर ती कामाला येईल अशी करा. प्रजाती, आवाराचा क्रमांक किंवा जागा, तारीख, सुरुवातीची आणि शेवटची वेळ, त्या दिवसाचं तापमान, पाणी होतं का, सावली होती का, आणि वर सांगितलेल्या ६० नोंदी. व्हिडिओ सलग दहा मिनिटांचा असू द्या. वीस सेकंदांच्या तुकड्याला 'तो खाण्याची वाट पाहत होता' असं एक वाक्य पुरतं. जखम असेल तर शरीराचा तो भाग आणि पूर्ण प्राणी असे दोन फोटो घ्या. प्रत आधी संग्रहालयाच्या पशुवैद्याला आणि त्याच दिवशी परवाना देणाऱ्या खात्याला पाठवा, पोच मागा. महिन्याभराने त्याच आवारासमोर, त्याच वेळी, पुन्हा अर्धा तास नोंदी घ्या आणि दोन्ही कागद एकत्र पाठवा.